इव्हेंट हब्ज: एक आंब्याचा हंगाम, एक पावसाळा आणि बिलाचा हिशेब

ॲझ्युर इव्हेंट हब्ज, म्हणजे हजारो यंत्रांनी सतत पाठवलेल्या नोंदी गोळा करून त्या वाचणाऱ्या प्रोग्रामना पुरवणारी मायक्रोसॉफ्टची क्लाउड सेवा, घ्यावी का, असं ओळखीतले बरेच जण विचारतात. माझं उत्तर ‘घ्या’ असंच आहे. पण महिन्याला किती पैसे लागतील हे नुसतं दरपत्रक वाचून उमगत नाही. सरासरी वाहतुकीवर केलेला अंदाज कागदावर छान दिसतो आणि बिल ठरतं ते गर्दीच्या तासावर. आंब्याच्या हंगामापासून गणपतीपर्यंत ही सेवा रोज वापरून जे कळलं, ते आकड्यांसकट लिहिते आहे.

आमचं काम साकीनाक्यातून चालतं. दूध, मासळी, औषधं आणि हंगामात देवगड-रत्नागिरीहून वाशीला येणारा हापूस वाहणाऱ्या सुमारे ४,००० गाड्यांवर आमची यंत्रं आहेत. गाडी कुठे आहे आणि डब्यातलं तापमान किती, याची नोंद यंत्र दर १० सेकंदांनी पाठवतं. एका नोंदीचा आकार साधारण ६०० बाइट. मुंबईत ॲझ्युरचा ‘वेस्ट इंडिया’ विभाग आहे, तरी आम्ही पुण्याचा ‘सेंट्रल इंडिया’ घेतला, कारण अव्हेलेबिलिटी झोन (एक डेटा सेंटर बंद पडलं तरी काम चालू ठेवणारी, एकाच विभागातली वेगवेगळी डेटा सेंटरं) तिथे आहेत. नोंदी वाचणारे आमचे प्रोग्रामही तिथेच ठेवले. एका विभागातून दुसऱ्या विभागात डेटा गेला की त्याचे वेगळे पैसे पडतात, ते त्यामुळे वाचले.

आमच्या अकाउंट्सच्या काकांनी पहिल्याच आठवड्यात विचारलं होतं, “ताई, यातलं कायमचं किती आणि वापराप्रमाणे किती?” प्रश्न अगदी नेमका होता. आम्ही घेतलेल्या स्टँडर्ड श्रेणीचं बिल विजेच्या बिलासारखं वाचता येतं. थ्रूपुट युनिट, म्हणजे सेवेच्या क्षमतेचं माप, हा स्थिर आकार, आणि आत येणारे इव्हेंट, म्हणजे पाठवलेले संदेश, ही जळलेली युनिटं. एका थ्रूपुट युनिटमध्ये सेकंदाला १ एमबी किंवा १,००० इव्हेंट आत घेता येतात, यातली जी मर्यादा आधी गाठली जाईल ती लागू. बाहेर वाचायला सेकंदाला २ एमबी मिळतात. आत येणारा इव्हेंट ६४ केबीपर्यंत एकच मोजला जातो. ९६ केबीचा असेल तर दोन. वाचल्या जाणाऱ्या इव्हेंटवर वेगळी आकारणी नाही.

आता आमचा हिशेब. ४,००० गाड्या, १० सेकंदांना एक नोंद, म्हणजे सेकंदाला ४०० इव्हेंट आणि २४० केबी. एक युनिट निम्मंही भरत नाही. ३० दिवसांचे १०३ कोटी ६८ लाख इव्हेंट होतात. दर विभागागणिक बदलतात, म्हणून ताडून बघायला सोपे असे अमेरिकेच्या पूर्व भागातले दर घेते: युनिटला तासाला ०.०३ डॉलर, दहा लाख इव्हेंटना ०.०२८ डॉलर. म्हणजे युनिटचे महिन्याला सुमारे २२ डॉलर आणि इव्हेंटचे २९. एवढंच असतं तर हा लेख लिहायचं कारणच नव्हतं.

पण आम्हाला कॅप्चरही हवं होतं. कॅप्चर म्हणजे आलेला सगळा डेटा ॲव्हरो फाइलींच्या रूपात आपोआप स्टोरेजमध्ये साठवणं. स्टँडर्डमध्ये त्याची आकारणी युनिटमागे होते, आणि तो दर खुद्द युनिटच्या दराच्या तिपटीहून जास्त आहे: त्याच यादीत महिन्याला सुमारे ७३ डॉलर. बेरीज झाली १२४, आणि त्यातले निम्म्याहून जास्त कॅप्चरचे. शिवाय हे पैसे प्रत्यक्ष किती डेटा साठवला यावर नसून तुमच्याकडे किती युनिटं आहेत यावर आहेत. अंदाजपत्रक करताना मी ही ओळ ठळक करून ठेवली होती, आणि पावसाळ्यात तिचा खरा अर्थ कळला.

पावसात घाटात नेटवर्क जातं. कसाऱ्याला किंवा खंडाळ्याला अडकलेली गाडी नोंदी स्वतःच्या मेमरीत साठवत राहते आणि रेंज आली की सगळ्या एकदम सोडते. समजा १,५०० गाड्यांची रेंज २० मिनिटं गेली. प्रत्येकीकडे १२० नोंदी, एकूण १ लाख ८० हजार. त्या एका मिनिटात आल्या तर सेकंदाला ३,००० इव्हेंट, आणि नेहमीचे ४०० आहेतच. चार युनिटं लागली! ऑटो-इन्फ्लेट चालू असेल तर युनिटं आपोआप वाढतात, आणि डेटा अडत नाही हे मोलाचं आहे. पण स्टँडर्डमधलं ऑटो-इन्फ्लेट फक्त वर नेतं, खाली आणत नाही. युनिटं खाली आणायचं काम आपलं. कोणी हात लावला नाही तर एका मिनिटाच्या गर्दीसाठी घेतलेली चार युनिटं महिनाभर चालू राहतात, कॅप्चरसकट: ८८ अधिक २९२ अधिक २९, म्हणजे ४०९ डॉलर. गाड्या तेवढ्याच, नोंदी तेवढ्याच, आणि बिल तिपटीच्या वर.

यावर आम्ही दोन गोष्टी केल्या. पहिली, दर तासाला चालणारी एक छोटी स्क्रिप्ट. मागच्या तासातली सर्वाधिक आवक बघून ती युनिटं एकेक पायरी खाली आणते. आकारणी तासाची असते आणि त्या तासात जास्तीत जास्त जितकी युनिटं होती तितक्यांची होते, त्यामुळे याहून घाई करून काही मिळत नाही. ऑटो-इन्फ्लेटची कमाल मर्यादाही चारवर बांधून ठेवली. ही मर्यादा न विसरता भरा, तुमच्या सर्वांत वाईट दिवसाच्या बिलाची कमाल तीच ठरवते.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची, कारण ती मुळावर काम करते. रेंज आली की यंत्राने ताजी नोंद लगेच पाठवायची आणि साठलेल्या नोंदी दहा मिनिटांत पसरवून, प्रत्येक यंत्राने वेगवेगळ्या क्षणी सुरुवात करून सोडायच्या. तेच १ लाख ८० हजार इव्हेंट मग सेकंदाला ३०० होतात, नेहमीचे ४०० धरून ७००. एका युनिटमध्ये बसतात. मासळीच्या गाडीचं वीस मिनिटांपूर्वीचं तापमान दहा मिनिटं उशिरा आलं तर ससून डॉकवर कोणाचं काही अडत नाही. आत्ताचं तापमान मात्र आत्ताच हवं.

त्याच विचारातून पुढे नोंदींची मोट बांधली. एसडीकेमध्ये (सेवेशी बोलायला मिळणाऱ्या कोडच्या लायब्ररीत) बॅच करून पाठवलं तरी बॅचमधला प्रत्येक इव्हेंट वेगळा मोजला जातो, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. बिल कमी होतं ते एकाच इव्हेंटच्या पोटात अनेक नोंदी भरल्या तर. आम्ही एका मिनिटाच्या सहा नोंदी एका इव्हेंटमध्ये घातल्या. ३.६ केबी, म्हणजे ६४ च्या खूप आत. सेकंदाला ४०० चे ६७ इव्हेंट झाले आणि २९ डॉलरचे पाचाच्या आत आले. याची किंमत म्हणजे नकाशावरची गाडी एक मिनिट मागे दिसते. ग्राहकांना विचारूनच हे केलं. तापमान ठरलेल्या मर्यादेबाहेर गेलं तर मात्र यंत्र मिनिट भरायची वाट बघत नाही, तो इव्हेंट तत्काळ सुटतो. त्यात काटकसर करायची नाही, हे आमच्याकडे सगळ्यांनाच मान्य आहे.

कॅप्चरबद्दल जरा सविस्तर सांगते, कारण निर्णय सरळ नव्हता. कॅप्चर विश्वासू आहे, आणि ते तुमच्या वाचनाच्या २ एमबीतून काही खात नाही. स्वतःचा प्रोग्राम लिहून डेटा साठवला तर तो खातो. पण युनिटं नेमस्पेसच्या, म्हणजे अनेक हब्ज एकत्र ठेवणाऱ्या गटाच्या, पातळीवर घेतली जातात आणि त्यातल्या सगळ्या हब्जमध्ये (नोंदींच्या वेगवेगळ्या प्रवाहांमध्ये) वाटली जातात, म्हणून कॅप्चरचा आकडाही त्या नेमस्पेसच्या युनिटांवर चढतो. औषधांच्या गाड्यांचा संपूर्ण, हात न लागलेला डेटा आम्हाला ठेवावाच लागतो. तसा दुधाचा आणि आंब्याचा लागत नाही. म्हणून औषधांसाठी एक युनिटची वेगळी नेमस्पेस केली आणि कॅप्चर फक्त तिथे ठेवलं. बाकीचं सगळं दोन युनिटांच्या दुसऱ्या नेमस्पेसमध्ये, कॅप्चरविना. इव्हेंटचे पैसे सोडून हे १३९ डॉलर होतात, एकत्र दोन युनिटं आणि कॅप्चर ठेवलं असतं तर १९० झाले असते. तुम्हाला मात्र एकच युनिट कायम पुरत असेल तर ही फोड करू नका. ती महाग पडते, ९५ च्या जागी ११७.

कॅप्चर ठेवणारच असाल तर रिकाम्या फाइली न लिहिण्याचा पर्याय निवडा. नाहीतर प्रत्येक पार्टिशनमागे (हब ज्या समांतर भागांत विभागलेला असतो, त्यातल्या एकेका भागामागे) दर पाच मिनिटांनी एक फाइल पडत राहते, डेटा असो वा नसो.

दुसऱ्या नेमस्पेसला दोन युनिटं कशाला, असं काकांनी विचारलं, आणि त्याचं उत्तर आवकेत नसून वाचनात आहे. आमचे पाच प्रोग्राम तोच डेटा वाचतात, म्हणजे सेकंदाला १.२ एमबी. त्यातला एक दोन तास बंद पडला तर १.७ जीबी मागे राहतो. एका युनिटवर उरलेल्या ०.८ एमबीच्या वेगाने तो फरक भरून काढायला ३६ मिनिटं लागतात. दोन युनिटांवर दहा. महिन्याला २२ डॉलर देऊन ती २६ मिनिटं विकत घेणं मला पटलं. मासळीबंदी १ जून ते ३१ जुलै असते, तेव्हा हीच नेमस्पेस एका युनिटवर ठेवता येते. ऑगस्ट उजाडला की परत दोन.

आता सेवेच्या नावाखाली न दिसणारा खर्च. वाचणारा प्रोग्राम आपण कुठवर आलो याची खूण, म्हणजे चेकपॉइंट, ब्लॉब स्टोरेजमध्ये (ॲझ्युरच्या फाइलींच्या साठ्यात) लिहितो, आणि त्या प्रत्येक लेखनाचे पैसे स्टोरेजच्या बिलात जातात. नमुना म्हणून मिळणाऱ्या कोडमध्ये कित्येकदा दर इव्हेंटनंतर चेकपॉइंट असतो. मोट बांधण्याआधीच्या आवकेला तो तसाच लावला असता तर एका कन्झ्युमर ग्रुपची (म्हणजे डेटा वाचणाऱ्या एका प्रोग्रामची) दिवसाला ३ कोटी ४५ लाख लेखनं झाली असती. आम्ही १६ पार्टिशनवर दर ३० सेकंदांनी लिहितो: ४६,०८०. प्रोग्राम पडून उठला तर शेवटच्या अर्ध्या मिनिटाच्या नोंदी पुन्हा येतात, म्हणून तीच नोंद दुसऱ्यांदा आली तरी डेटाबेसमध्ये काही बिघडणार नाही अशी रचना आधी केली. चेकपॉइंटच्या स्टोरेज खात्यावर सॉफ्ट डिलीट आणि व्हर्जनिंग (पुसलेल्या आणि जुन्या प्रती राखून ठेवणाऱ्या सोयी) बंद ठेवा, मायक्रोसॉफ्टचाही तोच सल्ला आहे.

लॉगचंही तसंच. प्रत्येक इव्हेंटचा मजकूर लॉग ॲनालिटिक्समध्ये (लॉग साठवून शोधायच्या ॲझ्युरच्या सेवेत) टाकला तर आमच्या वेगाने दिवसाला २० जीबी होतील, आणि तिथे आकारणी जीबीवर आहे. तो खर्च मूळ सेवेला सहज मागे टाकतो. आम्ही फक्त चुका आणि मोजण्या लिहितो.

नियंत्रणासाठी ॲझ्युरच्या कॉस्ट मॅनेजमेंटमधलं बजेट लावलंच आहे, पण त्याच्यावर विसंबू नका. खर्चाचा आकडा साधारण ८ ते २४ तासांनी दिसतो, आणि बजेट ओलांडलं तर ई-मेल येतो, सेवा थांबत नाही. शुक्रवारी संध्याकाळी सुरू झालेली गडबड शनिवारी कळते. म्हणून आमची खरी नजर मेट्रिक्सवर (सेवा स्वतः दाखवते त्या मोजण्यांवर) असते: आत आलेले इव्हेंट, आत आलेले बाइट आणि थ्रॉटल झालेल्या, म्हणजे मर्यादा ओलांडल्याने अडवलेल्या, विनंत्या. मेट्रिक मिनिटाची बेरीज दाखवतं, सेकंदाची उसळी त्यात बुडते. थ्रॉटलिंगचा आकडा शून्याहून वर गेला तरच ती उघडी पडते.

यात सर्वांत उपयोगी पडलेली मोजणी आम्ही स्वतः बनवली: गाडीमागे मिनिटाला किती इव्हेंट. मोट बांधल्यावर तो आकडा एकच्या आसपास असायला हवा. एका यंत्र पुरवठादाराने फर्मवेअर (यंत्रातलं सॉफ्टवेअर) बदललं आणि त्यांच्या गाड्यांचा आकडा जवळजवळ दोनवर गेला. पोच यायला उशीर झाला की नवं फर्मवेअर तीच नोंद पुन्हा पाठवत होतं. एकूण बिलात हे हंगामाची वाढ म्हणून खपून गेलं असतं. गाडीमागच्या आकड्यात त्याच दुपारी दिसलं आणि पुरवठादाराने दुरुस्त करून दिलं.

टेस्टिंगला प्रत्येकाला वेगळी नेमस्पेस देऊ नका. २०२४ पासून इव्हेंट हब्जचा एम्युलेटर, म्हणजे सेवेची नक्कल, आहे, डॉकरमध्ये स्वतःच्या लॅपटॉपवर चालतो. काफ्काचे (नोंदींचे प्रवाह हाताळणाऱ्या मुक्त सॉफ्टवेअरचे) क्लायंट वापरणार असाल तर स्वस्त म्हणून बेसिक श्रेणी घेऊ नका, तिथे काफ्का चालत नाही. आणि ॲझ्युरच्या दरांच्या कॅल्क्युलेटरने दिलेल्या आकड्यावर १८ टक्के जीएसटी धरा. परतावा मिळत असला तरी पैसे आधी खात्यातून जातात.

ॲमेझॉनच्या काइनेसिस या तशाच सेवेवर असलेल्यांनाही हाच हिशेब लागू पडेल. तिथे एका शार्डची (तिथल्या क्षमतेच्या मापाची) मर्यादा सेकंदाला १ एमबी किंवा १,००० नोंदी, आणि मोजणीचं माप ६४ ऐवजी २५ केबीचं. मोट बांधताना तेवढं लक्षात ठेवायचं.

प्रीमियम श्रेणीत इव्हेंटमागे पैसे नाहीत, कॅप्चर दरातच येतं आणि डेटा ९० दिवस ठेवता येतो, स्टँडर्डमध्ये ७. आमच्या आजच्या आकारमानाला तो भाव झेपणारा नाही. औषधांच्या ग्राहकांनी जुना डेटा थेट स्ट्रीममधून पुन्हा वाचायला मागितला, तर औषधांची नेमस्पेस पहिली प्रीमियमवर जाईल. त्यासाठीचा रकाना काकांच्या शीटमध्ये आम्ही आत्ताच उघडून ठेवला आहे.