लंडन कॉलिंग: कुठली एडिशन घ्यायची?

क्लॅश या ब्रिटिश पंक रॉक बँडचा हा डबल अल्बम १९७९ चा, १९ गाणी, आणि तेव्हा बँडने हट्टाने एकाच एलपीच्या (मोठ्या रेकॉर्डच्या) किमतीत विकायला लावलेला, आता रिइश्यूवाले त्याच गाण्यांचे परत परत पैसे घेतात ते सोडा. मी ऑनलाइन मागवला, गंगापूर रोडला पोचेपर्यंत कव्हरचा कोपरा दुमडलाच. साउंड मात्र कडक, त्यातल्या गन्स ऑफ ब्रिक्स्टन गाण्याचा बेस सुरू झाला की खिडकीची काच थरथरते, खालच्या काकू वर बघतात. २००४ च्या एडिशनमधल्या व्हॅनिला टेप्स म्हणजे रिहर्सलची खरखरीत रेकॉर्डिंग, एकदा ऐकायला भारी पण रोज कोण ऐकणार? साधी दोन एलपीवालीच घ्या. आणि कव्हरवरच्या यादीत ट्रेन इन व्हेन दिसलं नाही तर पीस खराब समजून रिटर्न टाकू नका राव, ते गाणं शेवटच्या क्षणी घुसवलेलं, मूळ कव्हरवर नव्हतंच.