जुन्या गेमच्या ‘चीट ॲप’मधून झालेली फसवणूक

माझा पुतण्या मोबाइलवर इम्युलेटर (जुन्या गेम-यंत्राची नक्कल करणारे ॲप) टाकून गेमबॉय ॲडव्हान्स या हातात धरायच्या जुन्या गेम-यंत्राचा ‘पोकेमॉन फायररेड’ हा २००४ सालचा गेम खेळतो. त्यासाठी चीट कोड, म्हणजे गेममध्ये झटपट फायदा मिळवून देणारे कोड, शोधताना एका मेसेजिंग चॅनेलवरील माणसाने त्याला ‘सगळे चीट असलेले ॲप’ ४९ रुपयांत देऊ केले. वहिनींच्या फोनवर पैशांची जी विनंती आली, ती एकदाच पैसे देण्याची नव्हती. दर आठवड्याला ४९९ रुपयांपर्यंत रक्कम कापू देणारी ऑटोपेची मंजुरी होती. यूपीआयच्या पडद्यावर तसे लिहिलेले होते, परंतु ‘तिथे मोठा आकडा दिसेल, तो फक्त मर्यादेचा असतो, कापले जातील ४९च’ असे त्या माणसाने आधीच सांगून ठेवले होते. पोराच्या हौसेचा असा हिशेबाने फायदा घेतला गेला, याचा मला मनस्वी संताप आहे.

ते ॲप प्ले स्टोअरवरचे नव्हते, स्टोअरबाहेरून थेट फोनमध्ये टाकायची एपीके फाइल होती. उघडताच त्याने एसएमएस वाचण्याची आणि ॲक्सेसिबिलिटीची परवानगी मागितली. ॲक्सेसिबिलिटी मिळालेले ॲप पडद्यावरचा मजकूर वाचू शकते आणि आपल्या वतीने बटणेही दाबू शकते. गेममधल्या चीटला यातले काहीही लागत नाही.

मुळात चीट कोड म्हणजे इम्युलेटरच्या मेमरीतील एका जागेचा पत्ता आणि तिथे ठेवायचा आकडा, एवढेच. गेमशार्क किंवा कोडब्रेकर या चीट उपकरणांचा कोड ही आकड्या-अक्षरांची ओळ असते आणि ती इम्युलेटरच्या चीट मेनूत हाताने टाइप करता येते. रेट्रोआर्च हे इम्युलेटर चालवणारे ॲप मोफत आहे, आणि त्याच्या चीट फाइलीही साध्या मजकुराच्या असून फुकट मिळतात. फायररेडच्या १.० आणि १.१ या आवृत्त्यांचे कोड मात्र वेगळे असू शकतात, आणि चुकीच्या कोडने सेव्ह, म्हणजे गेममधली साठवलेली प्रगती, खराब होऊ शकते, म्हणून सेव्ह फाइलची प्रत आधी काढून ठेवावी.

दुसऱ्यांदा रक्कम कापली गेल्यावर हा प्रकार लक्षात आला. आम्ही यूपीआय ॲपमधील ऑटोपेच्या यादीत जाऊन ती मंजुरी रद्द केली, एपीके काढून टाकली, बँकेला कळवले आणि १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली. गेलेले पैसे अद्याप परत आलेले नाहीत. ज्यांच्या घरी मुले असे गेम खेळतात, त्यांनी आपल्या फोनमधील ऑटोपेची यादी आजच उघडून पाहावी.