'पोरक्या' छाव्यांच्या नावावर पैसे घेणारे सफारी पार्क

दक्षिण आफ्रिकेतील एका खासगी सफारी पार्कने मला स्वयंसेवक म्हणून बोलावले आणि त्यासाठी मोठी रक्कम आगाऊ घेतली. आईविना पोरके झालेले सिंहाचे छावे वाढवायचे आणि मोठे झाल्यावर त्यांना जंगलात सोडायचे, असे तेथील कामाचे स्वरूप सांगितले गेले होते. छावे पोरके नव्हते आणि त्यांतला एकही जंगलात जाणार नव्हता.

प्रत्यक्षात आमचा बहुतेक वेळ छाव्यांना बाटलीने दूध पाजण्यात आणि फोटोसाठी रांगेत उभ्या असलेल्या पर्यटकांच्या मांडीवर त्यांना ठेवण्यात जाई. या वयाच्या छाव्यांना दिवसाचा बराचसा वेळ झोप लागते. पण पैसे भरलेला पर्यटक समोर आला की झोपलेल्या छाव्याला उठवावेच लागे. थोडे मोठे होऊन नखे लागू लागली की छावे तेथून हलवले जात आणि त्यांच्या जागी पुन्हा तेवढेच लहान छावे येत. एवढ्या सिंहिणी सतत मरतात कशा, असे विचारल्यावर 'आईने टाकले' हे एकच उत्तर मिळे. अखेर तेथील एका कामगाराने मागच्या बाजूचे कुंपण दाखवले. छाव्यांच्या आया तेथे जिवंत होत्या.

त्यामागचा हिशेब क्रूर आहे. सिंहीण सुमारे ११० दिवस गाभण असते, छावे सहा-सात महिने दूध पितात आणि जवळपास दोन वर्षे आईसोबत राहतात. त्यामुळे जंगलात तिच्या दोन वेतांमध्ये साधारण दोन वर्षांचे अंतर पडते. पिल्ले जन्मल्यानंतर लगेच काढून घेतली, तर ती थोड्याच काळात पुन्हा माजावर येते आणि पर्यटकांसाठी छाव्यांचा पुरवठा अखंड चालू राहतो.

माणसाच्या हातून दूध पिऊन वाढलेला सिंह शिकार शिकलेला नसतो आणि माणसाला बिचकतही नाही, म्हणून त्याला मोकळे सोडता येत नाही. अशा बंदिस्त सिंहांची संख्या त्या देशात हजारांत आहे. त्यांतले अनेक कुंपणाआडच्या विकतच्या शिकारीत मारले गेले आणि त्यांची हाडे आशियात निर्यात झाली. सरकारनेच २०१७ मध्ये ८०० आणि २०१८ मध्ये १,५०० सांगाड्यांच्या निर्यातीचा कोटा ठरवला होता; बंदिस्त सिंहांच्या कल्याणाचा विचार न करता हे कोटे ठरवले गेले, म्हणून २०१९ मध्ये उच्च न्यायालयाने ते बेकायदा ठरवले. बंदिस्त पैदास थांबवण्याचा मनोदय सरकारने मे २०२१ मध्ये जाहीर केला, तरीही केवळ घोषणेवर विसंबून पैसे भरू नयेत.

जंगलात सोडलेल्या सिंहांची नोंद मी मागितली, ती दाखवली गेली नाही. पैसे परत मागितले तेव्हा पावतीवर ती रक्कम 'देणगी' म्हणून लिहिली असल्याने परत मिळणार नाही, असे सांगण्यात आले. पैसे भरण्यापूर्वी पावतीवर नेमके काय लिहिले जाणार, हे लेखी विचारावे.

कोणत्याही पार्कला गेल्या वर्षीचे छावे आज कोठे आहेत, हे आधी विचारावे आणि उत्तर मोघम असेल तर तेथेच थांबावे. जखमी किंवा सोडवून आणलेल्या प्राण्यांना खरोखर आसरा देणारी संस्था पैदास करत नाही आणि पर्यटकांना छाव्यांना हात लावू देत नाही. आफ्रिकेतील पार्कमध्ये वाघ दिसले तर विशेष सावध व्हावे, कारण वाघ त्या खंडाचा प्राणीच नव्हे. पांढऱ्या सिंहांना 'दुर्मीळ प्रजाती' म्हणणारी जाहिरातही फसवी असते, कारण ती वेगळी प्रजाती नसून एका अप्रभावी जनुकामुळे आलेला रंग आहे. ज्यांनी पैसे आधीच भरले आहेत, त्यांनी मूळ जाहिरात आणि सगळा पत्रव्यवहार जपून ठेवावा आणि कार्डाने पैसे दिले असल्यास बँकेकडे विनाविलंब लेखी तक्रार करावी, कारण अशा तक्रारीला मुदत असते.