जपानी आवाज की इंग्रजी डब?

जपानी ॲनिमेशन दिग्दर्शक हायाओ मियाझाकींचे चित्रपट घरच्यांसोबत बघायचे ठरले की हा प्रश्न येतोच. मी दोन्ही करून पाहिलं आहे.

डबची बाजू लंगडी नाही. ही चित्रं हाताने काढलेली; गवतावरून सरकणारा वारा बघायचा तर नजर खालच्या ओळीत अडकून कसं चालेल? मुलगी दुसरीत होती तेव्हा तिला सबटायटल वाचणं झेपायचं नाही, म्हणून डबच लावायचो. शिवाय ‘मूळ आवाज तेवढाच अस्सल’ हेही मला पूर्ण पटत नाही. जपानमध्येसुद्धा बहुतेक वेळा आधी चित्र होतं, आवाज मागाहून भरतात. मियाझाकींचे सहकारी दिग्दर्शक ताकाहातांनी ‘प्रिन्सेस कागुया’साठी (2013) आवाज आधी घेतले, पण ती वेगळी वाट.

माझं गाडं अडलं ते ‘किकीज डिलिव्हरी सर्व्हिस’पाशी. चित्रपट 1989चा, आम्ही पाहिलेला इंग्रजी डब 1998चा. त्यात जिजी, म्हणजे किकी या छोट्या चेटकिणीचा काळा बोका, मुळात शांत असलेल्या जागीही बोलत राहतो. तेही चालवून घेतलं असतं, पण शेवट? मूळ चित्रपटात किकी मोठी होते आणि जिजीची भाषा तिला परत कळतच नाही. तो जवळ येतो, नुसतं म्याव करतो. डबमध्ये तो पुन्हा बोलू लागतो! मुलगी खूश झाली. पुढच्या रविवारी मी एकट्याने जपानीतून पाहिला आणि ते म्याव ऐकून बराच वेळ तसाच बसून राहिलो. मोठं होण्यात काय सुटतं, ते त्या एका आवाजात होतं. पुढे 2010च्या आवृत्तीत ही बरीचशी भर काढून टाकली, पण माझं मत तोवर झालं होतं.

सगळेच डब असे नाहीत, हे मान्य. आणि सबटायटलचा त्रास वाटतो तितका होत नाही. मियाझाकींच्याच ‘टोटोरो’मधला बसथांबा आठवा: पाऊस, मोठ्या बहिणीच्या पाठीवर झोपलेली छोटी मेई, शेजारी येऊन उभा राहिलेला तो अगडबंब प्राणी, छत्रीवर टपकणारे थेंब. दोन टाळ्यांच्या मधल्या शांततेला मियाझाकी ‘मा’ म्हणतात, ती हीच. इथे वाचायला ओळीच जवळजवळ नाहीत, नजर चित्रावरच राहते.

मूल लहान असेल तर ‘टोटोरो’ डबमध्ये खुशाल दाखवा. ‘किकी’ मात्र, शक्य असेल तर, त्याला भराभर वाचता येईपर्यंत राखून ठेवा.