सैन्यासोबत, एकट्याने, की कुणाच्या तरी पगारावर? वॉर रिपोर्टिंगला निघालेल्यांसाठी

रात्री साडेअकराला भाच्याचा मेसेज, "मामा, एम्बेड होऊन गेलेलं बरं की आपलं आपलं?" पोराचं पत्रकारितेचं शेवटचं सेमिस्टर, कॅमेरा हप्त्यांवर घेतलेला आणि डोक्यात युक्रेन. आधीच सांगतो, मी स्वतः फ्रंटवर कधी गेलेलो नाही. माझी सगळी वर्षं डेस्कवर गेली, तिकडून आलेली कॉपी, म्हणजे बातमीचा मजकूर, नीट करण्यात आणि रात्री-अपरात्री "अमुक जण फोन उचलत नाहीये, तुझ्याशी शेवटचं कधी बोलला?" असले कॉल घेण्यात. त्यामुळे शौर्यकथा माझ्याकडे नाहीत, पण कोण कुठे आणि का अडकतं ते थोडंफार कळतं. त्याला तुकड्या-तुकड्यात जे लिहिलं तेच इथे जोडून टाकतोय.

एम्बेड म्हणजे एखाद्या युनिटला चिकटायचं, त्यांच्याच गाडीत बसायचं, त्यांच्यातच खायचं-झोपायचं. हा शब्द सगळ्यांच्या तोंडी बसला तो २००३ च्या इराक युद्धात, अमेरिकेने तेव्हा शेकड्यांनी पत्रकार असे सोबत नेले. फायदा उघड आहे, मेडिक हाताशी, गाडी चिलखती, आणि सैनिक रात्री दोन वाजता एकमेकांशी काय बोलतात ते ऐकायला मिळतं जे बाहेरून जन्मात मिळणार नाही. बदल्यात नियमांच्या कागदावर सही करायची, कुठे आहोत, पुढे कुठे चाललोय हे लिहायचं नाही, आणि ते नेतील तेवढंच बघायचं. माझ्या मते खरी अडचण सेन्सॉरची नसतेच. काल रात्री ज्याने स्वतःच्या बाटलीतलं पाणी तुला दिलं त्याच्या तुकडीबद्दल सकाळी कडक लिहायचं म्हटलं की हात अडखळतो, अशा कॉप्या मी वाचल्यात, वाक्यं आपोआप मऊ होतात. आणि तोफगोळा ज्या गावात पडला तिथलं दार ठोठवायला तू कधी पोचतच नाहीस.

मग निदान सुरक्षित तरी? थोडंफार. अमेरिकेच्या एनबीसी वाहिनीचा डेव्हिड ब्लूम त्याच युद्धात टँक ओढून नेणाऱ्या अवजड गाडीवर बसून दिवसरात्र लाइव्ह देत होता. दिवसच्या दिवस पाय आखडून बसल्याने रक्ताची गाठ झाली, ती फुप्फुसात गेली, एकही गोळी न लागता वयाच्या ३९ व्या वर्षी गेला. आपल्या दानिश सिद्दीकींचं तर सगळ्यांना आठवत असेल, रोहिंग्यांच्या फोटोंसाठी रॉयटर्सच्या ज्या टीमला २०१८ चं पुलित्झर मिळालं त्यातले ते. जुलै २०२१ मध्ये कंदहारला अफगाण स्पेशल फोर्सेससोबत होते, गाड्यांवर रॉकेट आदळतानाचा व्हिडिओ त्यांनी स्वतः ट्विटरवर टाकलेला, त्यानंतर काही दिवसांतच, १६ जुलैला, स्पिन बोल्डकजवळ मारले गेले. युनिट हेच शत्रूचं टार्गेट असतं, म्हणजे तूही आलास, आणि युनिटने माघार घ्यायची ठरवली की तुझी माघार तुझ्या हातात राहत नाही. हे लांबच्याच देशात होतं असंही नाही, ऑक्टोबर २०१८ मध्ये दंतेवाड्यात दूरदर्शनचे कॅमेरामन अच्युतानंद साहू पोलिसांच्या तुकडीसोबत निघालेले असताना नक्षल्यांच्या हल्ल्यात गेले.

आता एकट्याने जाणं, म्हणजे सैन्याच्या परवानगीवर न अवलंबता. यातून जे हाती लागतं त्याला तोड नाही हे मी मान्य करतो. युक्रेनमधल्या मारियुपोलचं घ्या. मार्च २०२२ मध्ये बाकी सगळे आंतरराष्ट्रीय पत्रकार निघून गेल्यावर एपी या वृत्तसंस्थेचे म्स्तिस्लाव चेर्नोव आणि येवगेनी मालोलेत्का तिथेच राहिले, प्रसूतिगृहावरच्या हल्ल्याचे फोटो जगाला त्यांच्यामुळे दिसले, नाहीतर रशियाचं म्हणणंच शेवटचं ठरलं असतं. पण दोन गोष्टी लोक विसरतात, ते दोघे युक्रेनियनच होते, भाषा-रस्ते-माणसं सगळं ठाऊक असलेले, आणि रशियन सैनिक त्यांना शोधत असताना त्यांना हॉस्पिटलमधून बाहेर काढलं ते युक्रेनियन सैनिकांनी. म्हणजे पूर्ण स्वतंत्र असं कुणीच नसतं, कधी ना कधी कुणाची तरी गाडी लागतेच.

उलट बाजू अशी की बंदूकवाल्या दोन्ही बाजूंना तू अनोळखी असतोस. ब्रिटनच्या आयटीएनचा टीव्ही पत्रकार टेरी लॉइड एम्बेड न होता बसऱ्याकडे निघाला होता, मार्च २००३ मध्ये गोळीबारात सापडला, पुढे ब्रिटिश चौकशीत निकाल लागला की अमेरिकन सैनिकांनी त्याला बेकायदेशीरपणे मारलं. मेरी कोल्विन संडे टाइम्ससाठी सीरियात होम्सला चोरवाटेने, एका बोगद्यातून शिरली होती, फेब्रुवारी २०१२ मध्ये ती जिथे थांबली होती त्या इमारतीवरच तोफगोळे पडले, सोबतचा फ्रेंच फोटोग्राफर रेमी ओशलिकही गेला. २०१९ मध्ये अमेरिकन कोर्टाने सीरियाच्या सरकारला जबाबदार धरलं, सात वर्षांनी.

कायद्यात एक बारीक फरक आहे जो भाच्याला माहीतच नव्हता. जिनिव्हाच्या तिसऱ्या करारानुसार सैन्यासोबत अधिकृतपणे असलेला वार्ताहर पकडला गेला तर त्याला युद्धकैद्याचा दर्जा मिळतो, स्वतंत्र पत्रकार मात्र सामान्य नागरिक धरला जातो. नागरिक म्हणून त्याच्यावर हल्ला करता येत नाही वगैरे ठीक आहे, पण चेकपोस्टवर उभ्या विशीतल्या पोराने करार वाचलेला नसतो, त्याला फक्त कॅमेरा आणि परका चेहरा दिसतो.

आणि काही ठिकाणी "कुठलं निवडू" हा प्रश्नच उरत नाही. ऑक्टोबर २०२३ पासून इस्रायलने परदेशी पत्रकारांना गाझात स्वतंत्रपणे जाऊ दिलं नाही, दोन वर्षं उलटली तरी जायचं तर त्यांच्या सैन्याच्या बंदोबस्तात फेरी मारून यायचं. मग तिथलं काम केलं कुणी? तिथेच राहणाऱ्या पॅलेस्टिनी पत्रकारांनी, आणि मेलेही तेच. सीपीजे नावाची संस्था याची मोजदाद ठेवते, त्यांच्या हिशोबात २०२४ मध्ये जगभर किमान १२४ पत्रकार आणि माध्यम कर्मचारी मारले गेले, त्यातले साधारण ८५ एकट्या या युद्धात. युक्रेनने २०२३ मध्ये लाल-पिवळा-हिरवा असे झोन केले, हिरव्यात मोकळं फिरा, पिवळ्यात प्रेस ऑफिसर सोबत, लाल बंद.

'प्रेस' लिहिलेल्या निळ्या जॅकेटवर फार भरवसा ठेवू नकोस, हेही त्याला लिहिलं. रॉयटर्सचा इस्साम अब्दल्ला १३ ऑक्टोबर २०२३ ला दक्षिण लेबनॉनमध्ये इतर पत्रकारांसोबत उघड्यावर उभा होता, सगळ्यांनी प्रेसची जॅकेटं घातलेली, तरी इस्रायली रणगाड्याचा गोळा आला. ऑक्टोबर २०२५ मध्ये युक्रेनच्या डोनबासमध्ये फ्रेंच फोटोग्राफर आंतोनी लालिकां ड्रोनने मारला गेला. ड्रोन आल्यापासून "फ्रंटपासून दहा किलोमीटर मागे आहोत" याला काही अर्थ उरलेला नाही.

आता खरा मुद्दा, जो भाच्याने विचारलाच नाही. एम्बेड की एकटा यापेक्षा कितीतरी मोठा फरक पगारावर की फ्रीलान्स यात आहे. पगारी माणसाला कंपनी आठवडाभराचं धोक्याच्या जागी वावरण्याचं ट्रेनिंग देते, त्याला लाइनीत हेफॅट म्हणतात, गोळी अडवणाऱ्या प्लेटचं जॅकेट देते, विमा काढते, ठरलेल्या वेळेला फोन आला नाही तर माणसं हलवते. आमच्याकडे एक सीलबंद पाकीट असायचं. जाणाऱ्याने त्यात असे प्रश्न आणि उत्तरं लिहून ठेवायची जी फक्त त्यालाच माहीत, म्हणजे अपहरण झालं तर तो जिवंत आहे का हे पलीकडच्यांना विचारून तपासता येतं. एका सहकाऱ्याने माझ्यासमोर बसून ते भरलं होतं, बराच वेळ पेन चावलं आणि मग लिहिलं, आजोळच्या म्हशीचं नाव काय. म्हणाला, हे गुगलवर सापडणार नाही. तो सुखरूप परत आला, पाकीट न उघडताच फाडलं, पण त्या फॉर्मच्या निमित्ताने का होईना चार माणसांनी बसून "हा नाही आला तर काय" याचा विचार केला होता. फ्रीलान्सरसाठी हा विचार करायला कोण बसतं?

पैशाचंही ऐक. २०१३ मध्ये सीरियातून काम करणाऱ्या फ्रान्सेस्का बोर्री या इटालियन फ्रीलान्सरने उघड लिहिलं की एका लेखाचे तिला ७० डॉलर मिळतात. त्यात तिथला ड्रायव्हर, दुभाषी, राहणं, सगळं तिचं तिने बघायचं. म्हणून फ्रीलान्सर स्वस्तातला रस्ता, स्वस्तातला माणूस शोधतो आणि तिथेच फसतो. जेम्स फोली फ्रीलान्स होता, २०११ मध्ये लिबियात एकदा पकडला जाऊन सुटला होता, नोव्हेंबर २०१२ मध्ये सीरियात पळवला गेला आणि ऑगस्ट २०१४ मध्ये इसिसने मारला. कोल्विन गेल्यावर संडे टाइम्सने तर सीरियातून फ्रीलान्सरांचं काम घेणंच थांबवलं, म्हणे आम्हाला धोक्याला उत्तेजन द्यायचं नाही. बरोबरच, पण हप्त्यावर कॅमेरा घेतलेल्याचं काय, तो जायचा थांबला नाहीच. आता रोरी पेक ट्रस्ट फ्रीलान्सरांना ट्रेनिंगच्या खर्चाला मदत देतो, आरएसएफ या पत्रकारांच्या संस्थेमार्फत विमाही निघतो. तो काढच, कारण आपल्याकडची नेहमीची ट्रॅव्हल पॉलिसी युद्धातलं काहीच देत नाही, बारीक अक्षरात ते स्पष्ट लिहिलेलं असतं.

यावर भाचा म्हणाला, "फिक्सर तिथे गेल्यावर बघू." फिक्सर म्हणजे रस्ते, भाषा, ओळखी सांभाळणारा तिथलाच माणूस. इथे मी जरा चिडलो. २००७ मध्ये अफगाणिस्तानात तालिबानने दानिएले मास्त्रोजाकोमो या इटालियन पत्रकाराला पळवलं, सोबत त्याचा फिक्सर अजमल नक्षबंदी. तालिबानचे कैदी सोडून इटालियन सुटला, अजमलचा गळा कापला. २००९ मध्ये न्यूयॉर्क टाइम्सचा स्टीफन फॅरेल कमांडोंच्या कारवाईत वाचला, त्याचा अफगाण सहकारी सुलतान मुनादी त्याच कारवाईत गोळ्या लागून गेला. तू विमानाने परत येशील, तो माणूस त्याच गल्लीत राहणार आहे. "बघू" कसलं.

जवळचं बघायचं तर बस्तर-गडचिरोलीचे स्ट्रिंगर, म्हणजे बातमीमागे पैसे घेणारे स्थानिक वार्ताहर, बघ. एम्बेड नाही, पगार नाही, आणि बाहेर काढायला विमान तर नाहीच. बिजापूरचा मुकेश चंद्राकर 'बस्तर जंक्शन' नावाचं चॅनल चालवायचा, २०२१ मध्ये नक्षल्यांनी धरून ठेवलेल्या सीआरपीएफ जवानाला सोडवून आणणाऱ्यांत तो होता. त्या जंगलात शिरून परत आलेला माणूस जानेवारी २०२५ मध्ये रस्त्याच्या कामातला भ्रष्टाचार बाहेर काढल्यावर मारला गेला, मृतदेह सेप्टिक टँकमध्ये सापडला.

मनावर काय होतं ते थोडक्यात. टोरंटोचे मानसोपचारतज्ज्ञ अँथनी फाइनस्टाइन यांनी २००२ मध्ये १४० युद्धवार्ताहरांचा अभ्यास केला, २८.६ टक्क्यांना आयुष्यात कधी ना कधी पीटीएसडी, म्हणजे आघातानंतर मागे राहणारा मानसिक त्रास, झालेला होता. बहुतेक जण परत आल्यावर "मी मस्त आहे" म्हणतात आणि दिवाळीच्या फटाक्यांना खिडक्या लावून बसतात.

मग मी त्याला काय सांगितलं? पगार देणारं कुणी असेल आणि त्यांनी एम्बेड ठरवलं असेल तर एम्बेड घे, पण कॉपीत ते स्पष्ट लिही आणि परत येताना दोन दिवस त्याच भागात सैन्याशिवाय काढ. पगार नसेल तर फ्रंट नाही. पहिली फेरी हिरव्या झोनमध्ये, हॉस्पिटलं, रेल्वे स्टेशनं, घरं सोडून आलेली माणसं. तिथेही क्षेपणास्त्रं पडतात, पण निदान रक्त थांबवणारं कुणीतरी जवळ असतं, आणि खरं सांगायचं तर चांगल्या स्टोऱ्या तिथेच जास्त मिळतात. निघायच्या आधी एका संपादकाकडून लेखी घे की काम घेणार, काही झालं तर फोन कोण उचलणार, आणि ड्रायव्हरचं नाव विम्यात आहे की नाही.

आणि फर्स्ट एड शिकल्याशिवाय व्हिसाचा अर्जसुद्धा भरू नकोस. फोटोग्राफर टिम हेदरिंग्टन २०११ मध्ये लिबियात मिसराताला मांडीची रक्तवाहिनी फुटून रक्तस्रावाने गेला, त्यानंतर त्याचा मित्र सेबॅस्टियन युंगरने फ्रीलान्सरांना हेच शिकवायला संस्था काढली. मी मुंबईत एकदा अशा वर्कशॉपला बसलो होतो. टूर्निके म्हणजे रक्त थांबवायचा पट्टा, तो स्वतःच्याच मांडीवर एका हाताने बांधायचा. दांडी पिळता पिळता डोळ्यांत पाणी येतं, आणि शिकवणारा म्हणतो, अजून दोन वेढे, अजून सैल आहे. माझा पट्टा पॅन्टच्या उजव्या मागच्या खिशात होता आणि त्याने सांगितलं की तुझा उजवा हात गेलाय, आता काढ. तीन मिनिटं धडपडलो, निघाला नाही. छातीवर मधोमध लाव रे, दोन्ही हात पोचतील असा.