पेन स्पिनफिशर ६: खडपावर गरवायला कसं आहे?

पेन कंपनीच्या या मासेमारीच्या रिळाचा सांगाडा आणि रोटर (दोरी गुंडाळणारा फिरता भाग) धातूचे आहेत आणि त्यावर आयपीएक्स५ हा पाण्यापासून बचावाचा शिक्का आहे. गिऱ्हाइकाचा घोळ होतो तो याच शिक्क्यापाशी. आयपीएक्स५ म्हणजे ६.३ मिलिमीटरच्या तोटीतून मिनिटाला १२.५ लिटर या वेगानं मारलेला फवारा सोसणं. बुडवलं तरी चालेल, असा त्याचा अर्थ नाही. लाट अंगावर फुटली तर काळजी नको; पाण्यात पडलं तर मात्र त्याच दिवशी उघडून बघावं.

आतलं काम भक्कम आहे. ड्रॅग, म्हणजे मासा ओढू लागला की दोरी बेतानं सोडणारा ब्रेक, सीलबंद, त्यात कार्बन फायबरचे वॉशर. तांबोशी गळाला लागली की ती सरळ कपारीत घुसते, तेव्हा ड्रॅग झटके न देता सुटावा लागतो, आणि हा सुटतो. स्पूलवर, म्हणजे दोरी गुंडाळायच्या चकतीवर, रबराची पट्टी असल्यामुळे ब्रेड (विणलेली दोरी) थेट बांधली तरी घसरत नाही. पण भिजलेली ब्रेड खारं पाणी धरून ठेवते आणि खाली ॲल्युमिनियमवर पांढरी भुकटी धरते. मोसम संपला की दोरी पूर्ण उतरवून स्पूल धुवा.

खरा कच्चा दुवा बेलवरचा, म्हणजे दोरी स्पूलवर नेणाऱ्या तारेच्या कमानीवरचा, लाइन रोलर; दोरी वळते ती छोटी चाकी. दोरीबरोबर येणारं पाणी तिथंच निथळतं, वाळतं, आणि मिठाचे खडे बेअरिंगमध्ये बसतात. रोलर फिरायचा थांबला की दोरी त्यावर नुसती घासते, मग ब्रेड तुटली म्हणून दोरीवाल्याला शिव्या! दुसरी जागा बेलच्या स्क्रूंची. स्टीलचा स्क्रू ॲल्युमिनियममध्ये, वर खारं पाणी: ॲल्युमिनियम गंजून स्क्रू जाम होतो. नवं असतानाच स्क्रू एकेक काढून मरीन ग्रीस लावून बसवा.

घरी आल्यावर आधी ड्रॅग पूर्ण आवळा, मग गोड्या पाण्याची हलकी धार सोडा. जोराचा पाइप मारला तर मीठ आत ढकललं जातं. पुसा, ड्रॅग सैल करा, सावलीत वाळवा. रोलरला आणि हँडलच्या मुठीला तेलाचा एकेक थेंब. गंज सोडवायचा स्प्रे मारू नका, आतलं ग्रीस धुऊन निघतं.

वजन ही तक्रार खरी आहे. दिवसभर हलकं आमिष फेकणाऱ्याचं मनगट भरून येईल, त्यानं ग्रॅफाइटचं रीळ बघावं. खाडीच्या मुखाशी किंवा खडपावर जिताड्यामागे जाणाऱ्यानं हेच घ्यावं.