सिंगापुरा मांजर : गोव्यातील घरासाठी कितपत योग्य?

वंशावळीची रीतसर नोंद ठेवल्या जाणाऱ्या मांजरांमध्ये सिंगापुरा ही आकाराने सर्वांत लहान जात समजली जाते. गोव्याच्या उबदार आणि दमट हवेत ती पाळावी का, या प्रश्नाला माझे उत्तर होकारार्थी आहे. परंतु ज्या घरात दिवसभर कोणी ना कोणी माणूस असते, अशाच घरासाठी. माझी थोरली बहीण सिंगापूरमधील नोकरी संपवून फोंड्याला परतली, तेव्हा या जातीची एक मादी तिच्यासोबत आली आणि आमच्या एकत्र कुटुंबातच राहिली. भारतात ही जात क्वचितच पाहायला मिळते, म्हणून हा अनुभव सविस्तर लिहावासा वाटतो.

पूर्ण वाढ झालेल्या मादीचे वजन साधारण 2 किलो आणि नराचे 3 किलोंच्या आसपास असते. वाढ सावकाश होते. पूर्ण आकार येण्यास दीड ते दोन वर्षेही लागतात, त्यामुळे पिल्लू खुरटलेले आहे असे समजून त्याला सक्तीने भरवू नये. या जातीत एकच रंग मान्य आहे : प्रत्येक केसावर गडद तपकिरी आणि हस्तिदंती पट्टे आलटून पालटून येतात, आणि त्यामुळे सगळे अंग उन्हात वाळलेल्या गवतासारखे दिसते. डोळे आणि कान चेहऱ्याच्या मानाने फार मोठे असतात.

स्वभाव हाच या मांजरीचा खरा गुण आहे. आमच्या भागातील गावठी मांजरे जेवणाच्या वेळी येतात, चुलीजवळ झोपतात आणि बाकीचा दिवस स्वतःच्या मर्जीने घालवतात. ही मात्र माणसाचे प्रत्येक काम जवळून पाहिल्याशिवाय राहत नाही. आई नारळ खवायला बसली की ती शेजारी हजर असते, वडील सोप्यावर वर्तमानपत्र वाचू लागले की खांद्यावर चढते आणि पाहुणे आले तर लपण्याऐवजी त्यांच्या पिशव्या हुंगते. आवाज अगदी हळू आहे, त्यामुळे तिच्या मागणीकडे दुर्लक्ष होण्याचा संभव अधिक. पिल्लाची चपळाई आणि कुतूहल मोठेपणीही टिकते, हे या जातीविषयी सांगितले जाणारे वर्णन आमच्या बाबतीत तंतोतंत खरे ठरले. पण याच स्वभावामुळे एकटेपणा तिला मानवत नाही. नवराबायको दोघेही सकाळी पणजीला कामाला जाऊन संध्याकाळी परतणार असतील, तर त्यांनी एक तर दुसरे मांजर सोबतीला ठेवावे किंवा या जातीचा विचार सोडून द्यावा.

हवामानाच्या दृष्टीने आखूड आणि पातळ केसांचा मोठा फायदा होतो. पर्शियन मांजराच्या दाट केसांचा जो त्रास उन्हाळ्यात त्या मांजराला आणि मालकाला होतो, तो येथे नाही. आठवड्यातून एकदा मऊ ब्रश फिरवला की पुरते. पावसाळ्यात मात्र लक्ष द्यावे लागते. जून ते सप्टेंबर या काळातील ओलीमुळे कातडीवर बुरशी धरू शकते, म्हणून तिचे अंथरूण कोरडे ठेवणे आणि केस गळलेले गोल चट्टे दिसताच पशुवैद्याकडे नेणे आवश्यक आहे. पिसवा आणि गोचिडी वाढल्या म्हणून कुत्र्याचे औषध थेंबभरही लावू नये. त्यांपैकी अनेक औषधांत परमेथ्रिन हे कीटकनाशक असते आणि ते मांजराच्या जिवावर बेतते. शरीर लहान असल्याने येथे चुकीला वावच नाही.

मासळीबाबत गोमंतकीय घरात थोडा संयम लागतो. काही माशांच्या कच्च्या मांसात ब-1 जीवनसत्त्व नष्ट करणारे द्रव्य असते, सुक्या मासळीत मीठ फार असते आणि हुमणात, म्हणजे माशांच्या आमटीत, कांदा-लसूण, जे मांजराला विषारी आहेत. आम्ही बिनमिठाची उकडलेली, काटे काढलेली मासळी अधूनमधून देतो. रोजचा आहार मांजरांसाठी तयार केलेला, टॉरिन (मांजराला आहारातून मिळावेच लागते असे अमिनो आम्ल) असलेलाच असतो. घरासंबंधी एकच सूचना करावीशी वाटते : खिडकीच्या गजांतून ही मांजरी सहज बाहेर पडते, तेव्हा ती येण्यापूर्वी जाळी बसवून घ्यावी. कुळागराच्या (नारळ-सुपारीच्या बागेच्या) कडेला असलेल्या आमच्यासारख्या घरात नाग आणि घोणस यांची भीती खरी आहे.

विकत घेणाऱ्याने या जातीचा इतिहासही जाणून घ्यावा. हॅल आणि टॉमी मेडो या दांपत्याने 1975 साली सिंगापूरहून तीन मांजरे अमेरिकेत नेली आणि ती तेथील रस्त्यांवरची मूळ मांजरे असल्याचे सांगितले. परंतु तीच मांजरे 1974 साली अमेरिकेतून सिंगापूरला गेली होती, असे दाखवणारी कागदपत्रे 1987 साली उजेडात आली. अमेरिकेतील मांजर-नोंदणी संस्थेने चौकशी करून जातीची मान्यता कायम ठेवली. पुढील जनुकीय अभ्यासांत सिंगापुरा ही बर्मीज जातीच्या फार जवळची आढळली, आणि जनुकीय विविधता सर्वांत कमी असलेल्या जातींत या दोघींची गणना झाली. माझ्या मते उगमाच्या कथेपेक्षा ही विविधतेची उणीव खरेदीदारासाठी कितीतरी महत्त्वाची आहे. या जातीत पायरुव्हेट कायनेज या विकराच्या (एन्झाइमच्या) कमतरतेचा आनुवंशिक आजार आढळतो. त्यात रक्तातील तांबड्या पेशी लवकर नष्ट होऊन पंडुरोग (रक्तक्षय) होतो. आईबाप दोघेही वाहक, म्हणजे स्वतः आजारी नसले तरी सदोष जनुक बाळगणारे, असल्यास प्रत्येक पिल्लाला तो होण्याची शक्यता चारात एक असते, आणि जनुकीय चाचणीने वाहक ओळखता येतात. म्हणून वंशावळीच्या प्रमाणपत्राआधी आईबाप दोघांच्याही या चाचणीचा अहवाल मागावा, आणि तो दाखवण्यास विक्रेता टाळाटाळ करत असेल, तर पिल्लू कितीही गोड असले तरी व्यवहार तेथेच थांबवावा.